सात नंबरची केबल

आधीच सांगून टाकते... टेस्टर लावल्याशिवाय मी कशावरही विश्वास ठेवत नाही. अंगात येणं, करणी, गेलेल्या माणसाने स्वप्नात येऊन सांगणं, हे सगळं घाटकोपरच्या आमच्या भटवाडीत घरोघरी चालतं आणि मी लहानपणापासून त्याला फिदीफिदी हसत आलेय. इथे ग्रुपवर लोक टाकतात ते अनुभव वाचते, पण जेवताना टाइमपास म्हणून. खोटं कशाला बोलू? आज मीच लिहायला बसलेय म्हणजे माझी काय अवस्था झाली असेल बघा. चार महिने झाले या गोष्टीला. ऑफिसात बोलले असते तर म्हणाले असते, बाई कामातून गेली.

मी इलेक्ट्रिकल साइट सुपरवायझर आहे. डिप्लोमा झाल्यापासून, म्हणजे अठरा वर्षं, हेच करतेय. या लाइनीत बायका कमी, त्यामुळे जीभ जरा तिखट ठेवावी लागते. ती आता घरीही तशीच चालते, त्याला इलाज नाही.

केबल ट्रे काय असते हे बऱ्याच जणांना माहीत नसेल. तुमच्या ऑफिसात डोक्यावर जे पांढरं फॉल्स सीलिंग असतं ना, त्याच्या वर पत्र्याची लांबच लांब पन्हळ टांगलेली असते. बिल्डिंगच्या सगळ्या केबल्स त्यातून जातात. लोकांना वाटतं, टाकली केबल, झालं काम. तसं नसतं हो. केबल्स एकाच थरात, मध्ये जागा सोडून ठेवायच्या, म्हणजे त्यांना वारा लागतो, तापत नाहीत. वळणावर हळूच वळवायच्या. पत्र्याची धार लागू द्यायची नाही. प्रत्येकीच्या गळ्यात नंबरची पट्टी बांधायची. आणि जुनी केबल बंद केली की ती काढायची, तशीच कुजत ठेवायची नाही. हे शेवटचं कोणीही करत नाही. जुनीवर नवी, नवीवर अजून नवी... मग ट्रेला पोट सुटतं आणि एक दिवस सगळा बोजा खाली येतो. तो येऊ नये म्हणून आम्हाला बोलावतात.

हे सगळं मला कोणत्या सरांनी शिकवलेलं नाही. आबांनी शिकवलं. आबा म्हणजे माझे वडील. मूळचे देवगडकडचे, आयुष्य घाटकोपरला गेलं. वायरमनच्या मोठ्या गँगचे हेड होते. त्यांनी टाकलेली ट्रे मला लांबून ओळखू येते, वळणावर केबल्स अशा शिस्तीत बसलेल्या असतात की कंगव्याने भांग पाडलाय असं वाटावं. आई गेल्यावर घरात मी आणि आबा दोघंच. सव्वा वर्षापूर्वी त्यांना स्ट्रोक आला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. डावा हात थोडा हलतो, बस्स. डोळे उघडे असतात पण ते आपल्याकडे बघत नाहीत, आपल्या पलीकडे कुठेतरी बघतात. सुरुवातीला मी रोज समोर बसून विचारायची, "आबा, मी कोण?" मग एक दिवस विचारायचं बंद केलं. उत्तर येत नाही म्हणून नव्हे, आपणच विचारून विचारून रडकुंडीला येतो म्हणून.

माझा धाकटा भाऊ प्रसाद बोरीवलीला राहतो. त्याने बदलापूरच्या पुढे एक शुश्रूषा केंद्र बघून ठेवलं होतं. मी दिवसभर साइटवर, घरी नऊ ते सहा कुंदामावशी असतात, पण त्यांचंही वय झालंय, एकट्याने आबांना कुशीवर वळवता येत नाही. पाठीला जखम व्हायला लागली होती. प्रसादचं चुकत नव्हतं. चार महिन्यांपूर्वी एका बुधवारी संध्याकाळी तो आला आणि आबांच्या पलंगाच्या कडेला बसूनच आमचं बोलणं झालं.

"ताई, मी डॉक्टरांना स्पष्ट विचारलं. ते म्हणाले, त्यांना घर काय आणि केंद्र काय, फरकच कळणार नाही."

"कळत असेल तर?"

"कळत असतं तर मी हा विषय तरी काढला असता का गं? त्यांना भिंत आणि माणूस सारखंच झालंय. तू मन घट्ट कर."

मी आबांकडे बघितलं. ते छताकडे बघत होते. कळत नसेल तर पाठवण्यात पाप नाही, आणि कळत असेल तर मी माझ्या जिवंत बापाला दुसऱ्याच्या दारात नेऊन टाकतेय. सगळं या एका गोष्टीवर अडलं होतं आणि ती तपासायला माझ्याकडे कुठला मीटर नव्हता. शेवटी मी हो म्हटलं. रविवारी सकाळी प्रसाद गाडी घेऊन येणार, असं ठरलं.

आता त्याच्या आदल्या दिवशीचं सांगते, शनिवारचं.

अंधेरी ईस्टला एक जुनी सहा मजली ऑफिस बिल्डिंग आहे. नाव सांगत नाही. तिच्या चौथ्या मजल्यावरची ट्रे आम्हाला बदलायची होती. गंमत म्हणजे तिथलं मूळ काम आबांच्या गँगचं. माझ्या शाळेच्या दिवसांत ते तिथे दोन वर्षं जात होते. नंतरच्या लोकांनी त्या ट्रेची पार वाट लावून ठेवली होती. तीन-तीन थर केबल्स, पट्ट्या इकडच्या तिकडे. शनिवारी ऑफिस बंद, म्हणून त्या दिवशी बंद पडलेल्या केबल्स कापून काढायच्या आणि वजन हलकं करायचं, एवढंच काम होतं.

माझ्याबरोबर संतोष होता. पन्नाशीचा, आबांच्याच हाताखाली शिकलेला, गाववाला. हाताने एक नंबर आणि तोंडाने त्याहून एक नंबर. तिसरा फिरोजभाई, आमचा जुना फिटर.

सात नंबरची केबल कापायची होती. पूर्वी गच्चीवर मोठा एसी प्लांट होता, तो काढला तेव्हापासून ती बंद. ट्रेमध्ये मात्र एकसारख्या तीन जाड काळ्या केबल्स शेजारी शेजारी होत्या. डावीकडच्या केबलवर सात नंबरची अॅल्युमिनियमची पट्टी होती. पॅनेलमधला सात नंबरचा स्विच आम्ही सकाळीच पाडून त्याला कुलूप घातलं होतं. मी केबलभोवती वाहता करंट मोजणारा क्लॅम्प मीटर लावला, शून्य दाखवलं. तरीही नियम असा की दोन्ही टोकांनी ओळख पटवायची. कॉरिडॉर दोन वळणं घेऊन जिथे संपतो तिथे इलेक्ट्रिकल रूम आहे. तिथे सात नंबरचं टोक पॅनेलमधून सोडवलेलं, गुंडाळून ठेवलेलं. फिरोजभाईने तिकडे जाऊन त्या टोकाजवळ पक्कडीने ठोकायचं आणि इकडे आम्ही तिन्ही केबल्सवर हात ठेवून बघायचं, कोणती थरथरते. पुस्तकात ही पद्धत नाही. पण वायरमन लोक पिढ्यान् पिढ्या हेच करत आलेत, मीटर असला तरी.

अडीच वाजले असतील. मजल्यावरचा एसी आम्हीच बंद करायला लावला होता. रोज माणसांनी गजबजलेल्या ऑफिसात कोणी नसलं आणि एसीही बंद असला की एक वेगळीच शांतता येते... आपण पाण्याखाली आहोत असं वाटतं. कॉरिडॉरच्या टोकाच्या खिडकीतून ऊन येत होतं आणि त्यात धूळ तरंगत होती, खाली बसायचं नावच घेत नव्हती. बाहेरच्या छज्ज्यावर कबुतरं घुमत होती. मी आणि संतोष स्कॅफोल्डवर, म्हणजे लोखंडी पाइपांच्या परांचीवर, चढून छताच्या आत डोकं घालून बसलो होतो. तिथे अजून उबदार. जुन्या रबराचा, तापलेल्या पत्र्याचा वास. मला तो वास लहानपणापासून आवडतो, आबांच्या शर्टाला यायचा.

फिरोजभाईचा पत्ता नव्हता. दहा मिनिटं, पंधरा मिनिटं. फोन खिशात दोनदा थरथरला. दोन्ही वेळा प्रसादचा मेसेज. "बॅग भरलीस का?" "औषधांची यादी लिहून ठेव." माझं लक्ष तिथेच उडालं. घरी जाऊन आबांचे कपडे भरायचे, त्यांची ती निळी चादर द्यायची की नाही, तिकडे त्यांना कोणी कुशीवर वळवेल का... आणि खाली बिल्डिंगचा मॅनेजर दर पाच मिनिटांनी ओरडून विचारत होता, कितना टाइम, कितना टाइम.

"काय करूया मॅडम?" संतोष म्हणाला.

पट्टी होती. कुलूप होतं. मीटर शून्य होता. माझ्या तोंडातून निघून गेलं, "कर सुरू."

अठरा वर्षं मी पोरांच्या डोक्यात एकच गोष्ट ठोकून ठोकून घातली आहे, की दोन्ही टोकं बघितल्याशिवाय ब्लेड लावायचं नाही. आणि त्या दिवशी मीच त्याचा बाजार उठवला.

संतोषने हॅक्सॉ करवत डाव्या केबलवर टेकवली. मी कागदावर वेळ लिहायला हातमोजा काढला होता. स्कॅफोल्ड किंचित हलला, म्हणून तोल सावरायला मी उघडा तळवा ट्रेमध्ये टेकवला, तो नेमका उजवीकडच्या केबलवर पडला.

टक-टक... टक.

तळव्याला लागलं. कानाला नाही, फक्त तळव्याला.

पुन्हा. टक-टक... मोठा थांबा... टक.

त्या वेळी मला काय झालं ते नीट सांगता येत नाही. घाबरले नाही, हे आधी लिहिते, कारण इथले सगळे अनुभव 'अंगावर सर्रकन काटा आला' असेच असतात. मला काटाबिटा काही आला नाही. उलट इतकं बरं वाटलं... दुपारी जेवून थंड फरशीवर आडवं व्हावं, आणि स्वयंपाकघरात आईची भांडी वाजत असावीत, आणि आपल्याला माहीत असावं की घरात सगळे आहेत, तसं. डोळे आपोआप मिटले. केबल कोमट होती. ठोके येत राहिले, घाई नाही, गडबड नाही. मला वाटत होतं मी तासभर तशी बसलेय. कबुतरांचा आवाजही लांब गेला. संतोष नंतर म्हणाला, जेमतेम अर्धं मिनिट, तो अजून ब्लेडची जागाच धरत होता.

मग मी डोळे उघडले आणि झोपेतून उठल्यासारखी म्हणाले, "थांब रे संतोष. फिरोजभाई ठोकतोय. ही नाही, सात नंबर ही उजवी."

संतोषने हात थांबवला. डाव्या केबलच्या काळ्या आवरणावर ब्लेडची पांढुरकी रेघ उमटली होती. बोटाच्या नखाएवढी.

तेवढ्यात माझा फोन वाजला. फिरोजभाई.

"मॅडम, चाबी ही नहीं मिल रही. सिक्युरिटीवाला खाना खाने गया है, मैं नीचे गेट पे खडा हूँ."

"तू वर नाहीयेस?"

"कैसे आऊँगा? रूम को ताला है."

मी संतोषकडे बघितलं, संतोषने माझ्याकडे. दोघांनी हात ट्रेमधून बाहेर काढले. मी एवढंच म्हटलं, "खाली उतर." आम्ही उतरलो आणि जमिनीवर पाय पसरून बसून राहिलो.

किल्ली यायला अजून वीस मिनिटं गेली. फिरोजभाई रूममध्ये गेला, सोडवलेल्या टोकाजवळ त्याने ठोकायला सुरुवात केली. मी पुन्हा चढले, हात ठेवला. डावी, काही नाही. मधली, काही नाही. उजवी... थरथरत होती. म्हणजे खरी सात नंबर उजवीच. पण हे ठोके वेगळेच होते. टकटकटकटक, गणपतीत ताशा बडवावा तसे. फिरोजभाईला ठोकताना ताल असतो असं कोणी म्हणणार नाही.

मग डावी कोणती? आम्ही तिघे रूममध्ये गेलो, तिचं टोक शोधलं, टेस्टर लावला. पूर्ण पेटला. ती दुसऱ्या सप्लायवरची राखीव, स्टँडबाय केबल होती, मेन गेला तर लिफ्ट चालवणारी. एरवी तिच्यावर कसलाच लोड नाही, म्हणून तिच्यातून करंट वाहत नाही, म्हणून माझा मीटर शून्य. पण दाब, म्हणजे व्होल्टेज, पूर्ण, चोवीस तास. मध्ये कधीतरी फॉल्स सीलिंगवाल्यांनी केबल्स बाजूला सरकवायला पट्ट्या काढल्या असणार आणि परत बांधताना अदलाबदल केली. संतोषने अजून चार वेळा हात मागेपुढे केला असता तर त्याच्या तोंडासमोर स्फोट झाला असता. कामाच्या परवान्यावर सही माझी होती. त्याच्या घरी बायको आहे, बारावीतली मुलगी आहे. मी त्या रूममध्ये भिंतीला टेकून ढसाढसा रडले, लाज न बाळगता. फिरोजभाई पाण्याची बाटली घेऊन उभा राहिला.

काम त्या दिवसापुरतं बंद केलं. ऑफिसला चुकलेल्या पट्टीबद्दल लेखी कळवलं, माझी चूकही लिहिली. ठोक्यांचं लिहिलं नाही. सामान आवरताना संतोष जवळ आला आणि गावच्या मालवणीत विचारायला लागला.

"मॅडम, तुमका लागलो तो ठोको कसो होतो?"

मी स्कॅफोल्डच्या पाइपवर बोटाच्या पेराने वाजवून दाखवला. टक-टक... टक.

संतोषचा चेहरा उतरला. "ह्यो तर आबांचो."

तो म्हणाला आणि मगच माझ्या डोक्यात प्रकाश पडला. जन्मभर ऐकलेला ठोका, आणि तळव्याला लागला तेव्हा मला ओळखता आला नव्हता! आबांनी घराची बेल कधी वाजवली नाही. दोन ठोके, थांबा, एक ठोका. आई आतूनच म्हणायची, आले.

"गँगीत प्रत्येकाचो येगळो असायचो," संतोष सांगत होता, "म्हणजे कोण ठोकता ता कळायचा. मॅडम... तुम्ही परत ठोकलात मा?"

"परत? कशाला?"

"अवो, गावली म्हणान सांगूक नको? आमच्या टायमाक मोबाइल खंय होते? इकडून एक ठोको दिल्याशिवाय पलीकडचो थांबूचो नाय, आबांचो नियम होतो. नायतर तो बापडो ठोकीत रवतलो, संध्याकाळ झाली तरी. त्येका काय ठावक हंय कोणाक तरी कळला म्हणान?"

आम्ही मोबाइलवाले. केबल सापडली की फोन करतो. उलट एक ठोका द्यायचा असतो, हे मला कोणी शिकवलंच नव्हतं.

मेट्रोने घरी आले. सहा वाजायचे होते. कुंदामावशी तांदूळ निवडत बसल्या होत्या. आबा पलंगावर, डोळे मिटलेले. तो पलंग हॉस्पिटलसारखा आहे, दोन्ही बाजूंना लोखंडी दांडे असलेला. मी चप्पल काढता काढता सहज विचारल्यासारखं विचारलं, "मावशी, आज दुपारी काय केलं आबांनी?"

"काय करणार? जेवले, पडले. मग ते आपलं वाजवणं."

"कसलं वाजवणं?"

"अगं, डाव्या हाताने दांड्यावर वाजवतात ना."

"आज वाजवलं?"

"आज काय, रोज वाजवतात! अडीच-पावणेतीनला सुरू. कधी कधी पाच वाजेपर्यंत. मी सांगितलं होतं गं तुमच्या डॉक्टरांना, ते म्हणाले, हाताला झटके येतात, लक्ष देऊ नका. म्हणून मी नाही दिलं."

"किती दिवसांपासून?"

मावशींनी सूप बाजूला ठेवलं. "पावसाळ्याच्याही आधीपासून असेल. तू दुपारची कधी घरी असतेस? रविवारीसुद्धा पंप बघायला नाहीतर सोसायटीच्या कामाला बाहेर." मग जरा विचार करून म्हणाल्या, "आज मात्र लवकर थांबले हो. तीनच्या आतच झोपले."

वाजवतात कसं, ते त्यांना दाखवता येईना. त्यांनी तीन-चार तऱ्हेने ताटावर वाजवून बघितलं, एकही जुळला नाही. म्हणजे इथेही मला पुरावा नाहीच. पण मी तिथेच आबांच्या पायथ्याशी बसले आणि मला एवढंच दिसायला लागलं, की रोज दुपारी हा माणूस ठोकतोय आणि पलीकडे कोणीच हात ठेवलेला नाही. महिनोन् महिने. बॅग मी भरली नाही.

रविवारी प्रसाद दहाला आला. बॅग नाही बघून भडकला.

"ताई, अगं तिकडे बेड अडवून ठेवलाय आपण! आता काय झालं?"

"दुपारी निघू या. अडीचपर्यंत थांब."

"कशासाठी?"

"प्रसाद, आजवर तुझ्याकडे कधी काही मागितलंय मी? थांब म्हटलं ना."

माझा तोंडाचा पट्टा त्याला माहीत आहे, पण त्या दिवशी मी हळू बोलले आणि त्यानेच तो बिचारा घाबरला असावा. थांबला. आम्ही आमटी-भात खाल्ला. त्याला मी साइटवरचं काहीही सांगितलं नाही. मावशींना त्या दिवशी मी सुट्टी दिली होती. दुपार चढली. खालची मुलं क्रिकेट खेळून दमून घरी गेली, कुठेतरी कुकरची शेवटची शिट्टी झाली आणि भटवाडी आळसावली. पंखा फिरत होता. प्रसाद खुर्चीत पेंगत होता. मलाही गुंगी येत होती, अगदी तशीच, कालच्यासारखी.

आबांचा डावा हात हलला. बोटं दांड्यापर्यंत गेली. नख नव्हे, पेर.

टक-टक... टक.

प्रसादने डोळे उघडले. "हे काय?"

"हात ठेव दांड्यावर."

"ताई, डॉक्टर म्हणाले ना, हे झटके—"

"ठेव रे."

त्याने पलीकडच्या दांड्यावर हात ठेवला. टक-टक... टक. टक-टक... टक. प्रसाद बँकेत आहे, त्याने आयुष्यात कधी पक्कड धरली नाही, पण दार त्यालाही तेच होतं लहानपणी. त्याने दुसराही हात दांड्यावर ठेवला.

मी माझ्या बाजूच्या दांड्यावर एकदाच ठोकलं. टक.

आबांचा हात थांबला.

अधांतरी थांबला, मग हळूच गादीवर आला. आणि त्यांनी मान वळवली. पलीकडे कुठे नाही हो... माझ्याकडे. किती वेळ बघत होते मला माहीत नाही. त्यांनी एक लांब श्वास सोडला. साइटवरून घरी येऊन पायरीवर बूट काढताना सोडायचे, तसा. मग डोळे मिटून झोपले.

प्रसाद उठून गॅलरीत गेला, केंद्राला फोन लावला. मी मागोमाग जाऊन मोठमोठ्याने विचारायला लागले, काय सांगणार आहेस, उद्या म्हणालास का, कायमचं नाही म्हणालास का? त्याने फोनवर हात ठेवला आणि रडवेल्या आवाजात मलाच दटावलं, "हळू बोल गं. आबांना ऐकू जातं."

आबा घरीच आहेत. प्रसाद आता आठवड्यातले तीन दिवस बोरीवलीहून इकडे येऊन राहतो, वळवायला अजून एक माणूस मिळाला, पाठीची जखम भरत आलीये. डॉक्टरांना आम्ही ठोक्यांचं दाखवलं. ते म्हणाले, काही जुन्या सवयी शाबूत राहतात, असं होऊ शकतं. घरातल्या ठोक्यांचं उत्तर मिळालं, मान्य.

पण चौथ्या मजल्यावरच्या ठोक्यांचं? मी खूप डोकं चालवलं. लिफ्टची मोटर? लिफ्ट उभी होती. पाइपातलं पाणी? मग डाव्या केबलवर हात असलेल्या संतोषला का नाही लागलं? मला डुलकी लागली असेल, जुना ठोका स्वप्नात आला असेल... हे मी मान्यही केलं असतं. पण मग नेमक्या बरोबर केबलवर कसा? घाटकोपरचा पलंग कुठे, अंधेरीची ट्रे कुठे. मध्ये मला तरी कुठली जोडणी सापडलेली नाही.

संतोषची मुलगी बारावीच्या निकालाचे पेढे घेऊन आली होती, बापाबरोबर. आबांच्या पाया पडली. ते दोघे गेल्यावर मी आबांच्या उशाशी बसून त्यांना सगळं सांगितलं. पट्टी चुकली होती, मी घाई केली, संतोषने ब्लेड टेकवलं होतं, आणि मग काय झालं ते. ते शांतपणे माझ्याकडे बघत होते. त्यांना हे मी आज पहिल्यांदा सांगत होते, की त्यांना आधीच ठाऊक होतं... ते मला कळायला मार्ग नाही.